वाचकांचे प्रश्न : पहिली 'मदर करेज'

प्रश्न : जर्मन नाटककार बर्टोल्ट ब्रेख्तचं 'मदर करेज' हे नाटक म्हटलं की नटी हेलेने वायगेल यांचंच नाव निघतं. करेजची भूमिका पहिल्यांदा जर्मन नटी टेरेझे गीझे यांनी केली असेल, तर तो प्रयोग ब्रेख्तला का खटकला? गीझे कमी पडल्या का?

उत्तर : मुळीच नाही. हा गैरसमज गीझेबाईंवर अन्याय करणारा आहे. १९ एप्रिल १९४१ रोजी झुरिकच्या शाउस्पीलहाउस या नाट्यगृहात नाटक पहिल्यांदा झालं. दिग्दर्शक लेओपोल्ड लिंटबेर्ग, नेपथ्य टेओ ओटो यांचं. ब्रेख्त तेव्हा फिनलंडमध्ये होता, त्याने प्रयोग पाहिलाच नाही. मुलं गमावलेल्या आईसाठी प्रेक्षक हळहळले, हे त्याला परीक्षणांवरून कळलं. त्याला दाखवायची होती युद्धावर पोट भरणारी आणि त्यातून काहीच न शिकणारी व्यापारीण.

दोष संहितेत होता, हे ब्रेख्तनेच पुढे केलेल्या दुरुस्त्यांवरून दिसतं. पहिल्या प्रवेशात आता करेज सार्जंटशी पट्ट्याच्या बकलाचा सौदा करत राहते आणि तेवढ्यात भरती करणारा तिच्या थोरल्या मुलाला घेऊन जातो. पाचव्या प्रवेशात जखमींना बांधायला कापड हवं असतं, पण अर्ध्या गुल्डनचा (गुल्डन हे तेव्हाचं नाणं) एकेक शर्ट ती सोडायला तयार नसते. पाद्र्याला तिला बाजूला करून शर्ट काढून घ्यावे लागतात. पहिल्या रूपात या दोन्ही जागी ती जास्त मायाळू होती. बर्लिनला ११ जानेवारी १९४९ रोजी वायगेल उभ्या राहिल्या त्या दुरुस्त केलेल्या संहितेवर.

भूमिका बसवताना आजही इथेच घसरायला होतं. नटी सौद्याच्या वेळी घाई करते आणि सगळं बळ शोकासाठी राखून ठेवते. मग बकल हा नुसता तपशील उरतो आणि प्रेक्षक रडून मोकळे होतात. बकलासाठी मिळालेलं नाणं नीट तपासून घ्या, त्याला वेळ द्या. मुलगा गेल्याचं दुःख त्या हिशेबाला लागूनच आलं पाहिजे. १९५० मध्ये म्युनिकच्या कामरश्पीले नाट्यगृहात ब्रेख्तने स्वतः गीझेंना घेऊन नाटक बसवलं. बर्लिनच्या प्रयोगाची हालचालींसकट नोंदलेली चौकट हाताशी होती, तरी गीझेंची करेज वायगेलची नक्कल झाली नाही. दुसऱ्याच्या आराखड्यातून मोठी नटी स्वतःचं माणूस कसं उभं करते, याचं हे उदाहरण ब्रेख्तलाही मोलाचं वाटलं.

प्रश्न : नाझी सत्तेवर आले तरी गीझेंचं 'फेफरम्यूले' हे कॅबरे (गाणी आणि छोट्या प्रवेशांतून केलेलं राजकीय विडंबन) चालू कसं राहिलं?

उत्तर : म्युनिकमध्ये फार काळ राहिलं नाही. लेखक भावंडं एरिका मान आणि क्लाउस मान, संगीतकार माग्नुस हेनिंग आणि गीझे यांनी १ जानेवारी १९३३ रोजी ते सुरू केलं. महिना संपायच्या आत हिटलर चान्सलर झाला आणि मार्चमध्ये मंडळी देश सोडून गेली. गीझे ज्यू घरातल्या, त्यामुळे त्यांना धोका दुहेरी. त्याच वर्षी शरद ऋतूत झुरिकच्या हॉटेल हिर्शेनमध्ये प्रयोग पुन्हा उभे राहिले. युक्ती साधी होती : कोणाचंही नाव घ्यायचं नाही, परीकथेतली पात्रं आणायची. 'मूर्खपणा' हे पात्र गीझे स्वतः करत. रोख सगळ्यांना कळायचा. स्विस नाझीसमर्थकांनाही कळला आणि १९३४ च्या नोव्हेंबरमध्ये त्यांनी दंगा केला. १९३७ च्या जानेवारीत न्यूयॉर्कला मात्र डाव फसला. शब्दांवर उभी असलेली कला भाषांतरात फिकी पडली आणि या प्रकाराची तिथल्या प्रेक्षकाला सवयही नव्हती.

प्रश्न : गीझेंनी इंग्रज लेखकाशी लग्न केलं होतं ना?

उत्तर : हो, १९३६ मध्ये, जॉन हॅम्पसन यांच्याशी. ब्रिटिश पासपोर्टसाठी. एरिका मान यांनी आदल्या वर्षी कवी ऑडनशी याच कारणासाठी लग्न केलं होतं.

प्रश्न : गीझेंचं काम आज कुठे पाहायचं?

उत्तर : सुरुवात फ्रेंच दिग्दर्शक लुई मालच्या १९७४ च्या 'लाकोंब, लुसिएँ' या चित्रपटापासून करा. त्यात गीझेंनी केलेल्या ज्यू आजीला संवाद अगदी थोडे आहेत. तिच्या गप्प बसण्याकडे लक्ष ठेवा. मग १९५८ चा 'मेडशेन इन युनिफॉर्म' पाहा. त्यात त्या करड्या मुख्याध्यापिका आहेत. रंगभूमीवरचं त्यांचं मोठं काम म्हणजे : स्विस नाटककार ड्यूरेनमाटच्या 'वृद्धेची भेट'मधली क्लारा (१९५६), 'भौतिकशास्त्रज्ञ'मधली डॉक्टर (१९६२), आणि १९७० मध्ये, बहात्तराव्या वर्षी, पश्चिम बर्लिनच्या शाउब्यूने नाट्यगृहात पेटर श्टाइनने बसवलेल्या ब्रेख्तच्या 'आई'मधली व्लासोवा. 'भौतिकशास्त्रज्ञ' उघडलंत तर अर्पणपत्रिकेत त्यांचंच नाव दिसेल.