पॅराफिलिया, विकृती आणि करणी

गडहिंग्लजकडच्या एका नर्सिंगच्या विद्यार्थिनीने विचारलंय की प्रोजेक्टमध्ये पॅराफिलिया (म्हणजे नेहमीपेक्षा वेगळी लैंगिक ओढ) या शब्दाला मराठीत 'लैंगिक विकृती' लिहिलं तर चालेल का, आणि फेटिश (वस्तूवर किंवा शरीराच्या एखाद्या भागावर बसलेली ओढ) म्हणजे तेच की वेगळं काही. ताई, पहिल्याचं उत्तर नाही, दुसऱ्याचं अर्धं हो. आता का ते सांगतो, आणि जरा चिडूनच सांगतो, कारण हा 'विकृत' शब्द ऐकून ऐकून डोकं उठलंय. बसमध्ये कुणी बाईला मुद्दाम धक्का मारला की विकृत, दारू पिऊन चौकात धिंगाणा घातला की विकृत, लहान पोरीवर अत्याचार केला की विकृत, आणि दोन पोरं एकमेकांवर प्रेम करतात म्हटलं की तेही विकृत! म्हणजे गुन्हेगार, आजारी आणि कुणाला काडीचा त्रास न देणारा वेगळा माणूस, तिघांना एकाच पोत्यात घालून वरून सुतळी बांधायची. बातम्यांत हे चालतं म्हणून दवाखान्यात चालणार नाही.

आणि गंमत म्हणजे विकृती हा मुळात शिवीचा शब्दच नव्हे. वि अधिक कृ, म्हणजे मूळ रूपापासून वेगळं झालेलं, बदललेलं, एवढाच अर्थ. दुधाचं दही होणं हे विकाराचं शास्त्रातलं नेहमीचं उदाहरण, आता दही काय वाईट असतं का? वेदपठणात जटा, माला, शिखा, घन असे जे आठ प्रकार आहेत त्यांना विकृतिपाठच म्हणतात आणि घनपाठी माणसाला तर सगळे वाकून नमस्कार करतात. तेवीस अक्षरांच्या चरणाच्या छंदजातीचं नाव विकृती. साठ संवत्सरांत एक विकृती संवत्सर आहे, 2010 च्या पाडव्याला आपण तेच म्हणून गुढी उभारली, कुणी नाक मुरडलं नाही. आणि संगीतात तर विचारूच नका, कोमल रे ग ध नी आणि तीव्र म हे पाच विकृत स्वर. ज्या गावात शाहू महाराजांनी अल्लादियाखाँसाहेबांना दरबारात आणून ठेवलं त्या गावातल्या माणसांना तरी हे सांगायला लागू नये. भैरवीत रे ग ध नी चारही कोमल, म्हणजे चारही विकृत, म्हणून भैरवी सुरू झाली की कुणी कानात बोटं घालतं का? पण आजच्या मराठीत तो शब्द पार नासलाय हे खरं, आणि नासलेला शब्द पेशंटच्या केसपेपरवर लिहायचा नाही, बास. त्याचा जुना अर्थ चांगला होता म्हणून पेशंटला बरं वाटत नाही.

आता पॅराफिलिया. ग्रीकमध्ये पॅरा म्हणजे शेजारी, बाजूला, लगत. फिलिया म्हणजे प्रेम, माया, मैत्री, फिलॉसॉफीतला फिल आणि फिलाडेल्फियातला फिल तोच. तर नेहमीच्या वाटेच्या बाजूची ओढ, एवढंच त्या शब्दात आहे. इथे आमचे एक संस्कृतप्रेमी स्नेही ठामपणे सांगतात की हा पॅरा म्हणजे आपला पराभव-पराजयातला 'परा', म्हणून पॅराफिलिया म्हणजे हरलेलं, भ्रष्ट झालेलं प्रेम. साफ चूक. दोन्ही उपसर्ग लांबचे भाऊबंद आहेत हे मान्य, पण भाऊबंद असले म्हणून दोघांचा धंदा एक नसतो. पॅरामेडिकलवाले काय हरलेले डॉक्टर असतात का? ते डॉक्टरच्या जोडीने काम करतात. पॅरासाइटमध्येसुद्धा पॅरा म्हणजे शेजारी आणि सीतोस म्हणजे धान्य, दुसऱ्याच्या ताटाशेजारी बसून जेवणारा. (पॅराशूटचा पॅरा मात्र वेगळा, तो लॅटिन कुळातला 'आवरणे, वाचवणे' अर्थाचा, उगाच त्यात ओढू नका.)

शब्द कुणी काढला याचं श्रेय फ्रीड्रिख सालोमो क्राउस यांना देतात, साल 1903. व्हिएन्नात राहून दक्षिण स्लाव लोकांची गाणी, गोष्टी आणि चावट म्हणी गोळा करणारा हा लोकसाहित्याचा माणूस, डॉक्टर नव्हे, हे मला फार आवडतं. 1913 मध्ये हा शब्द इंग्रजीत आला आणि पुढे जॉन मनी या मानसशास्त्रज्ञाने तो मुद्दाम उचलून धरला, कारण त्याला शिवी नसलेला शब्द पाहिजे होता. 1980 साली अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या डीएसएम या सूचीच्या तिसऱ्या आवृत्तीत 'सेक्शुअल डेव्हिएशन' काढून त्या जागी पॅराफिलिया आला. म्हणजे बघा, ज्या शब्दाची बढतीच शिवी टाळायला झाली त्याचं भाषांतर आपण शिवीनेच करायचं!

बरं, त्याच्याही आधी 1886 मध्ये क्राफ्ट-एबिंग या मनोविकारतज्ज्ञांनी, ज्यांना आज सगळे नावं ठेवतात, परव्हर्जन आणि परव्हर्सिटी हे दोन शब्द वेगळे ठेवले होते. पहिला म्हणजे मनाची ठेवण, दुसरा म्हणजे वर्तनातला दुर्गुण, आणि दोन्हींची गल्लत करू नका असं त्यांनी बजावलेलं आहे. आपल्या कोशवाल्यांनी दोन्हीला 'विकृती' लिहून मोकळं व्हायचं ठरवलं, आणि आता काही जण 'कामविचलन' आणतात, तर विचलन म्हणजे ढळणं, पुन्हा तोच न्यायाधीशाचा सूर, फक्त संस्कृत कपड्यात. शब्द बनवणाऱ्याने आधी शब्द कुणासमोर उच्चारला जाणार हे बघावं. ओपीडीत समोर बसलेल्या माणसाला तुम्ही 'तुमचं विचलन झालंय' म्हणणार का?

2013 च्या डीएसएमच्या पाचव्या आवृत्तीने तर अजून स्पष्ट केलं, आणि ताई, तुमच्या प्रोजेक्टला हेच लागणार आहे. पॅराफिलिया वेगळी आणि पॅराफिलिक डिसऑर्डर वेगळी. नुसती वेगळी, तीव्र आणि टिकून राहणारी लैंगिक ओढ असणं ही पॅराफिलिया. तिच्यामुळे त्या माणसाला स्वतःला त्रास व्हायला लागला किंवा त्याचं रोजचं जगणं बिघडलं, किंवा ती पुरी करण्यात दुसऱ्याला इजा आहे किंवा इजेचा धोका आहे, तर ती डिसऑर्डर. उदाहरणार्थ एखाद्याला चपलांची ओढ आहे, बायकोला माहीत आहे, तिची हरकत नाही, दोघं सुखात आहेत, तर डॉक्टरचं तिथे काम नाही. पण दुसऱ्याला चोरून बघण्याची ओढ आहे आणि तो खिडकीला डोळा लावून उभा राहतो, तर बघितल्या जाणाऱ्या बाईची संमती कुठाय? तिथे डॉक्टरही येणार आणि पोलीसही. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2022 पासून लागू झालेल्या आयसीडी-11 या आजारांच्या सूचीमध्येही संमती हाच कणा आहे आणि फेटिशिझम हा स्वतंत्र आजार म्हणून त्या यादीतून काढलाय.

लहान मुलांच्या बाबतीत मात्र कसलीही मखलाशी नको. मूल संमती देऊच शकत नाही, त्यामुळे तिथे कृती म्हणजे गुन्हाच, 2012 चा पॉक्सो कायदा त्यासाठीच आहे. फक्त शब्द नीट वापरा: पीडोफिलिया हे ओढीचं नाव आहे, अत्याचार हे कृतीचं नाव आहे. अत्याचार करणारा प्रत्येक जण पीडोफिलियावाला नसतो, आणि ज्याच्या मनात ती ओढ आहे पण ज्याने काही केलेलं नाही त्याने वेळेत मनोविकारतज्ज्ञाकडे जावं असं आपल्याला वाटत असेल, तर दारावर 'विकृत' अशी पाटी लावून तो कसा येईल? कायदा कृतीला नाव देतो, डॉक्टर ओढीला, पेपरवाले दोन्ही कालवून टाकतात.

आणि समलैंगिकता यात येतच नाही. अमेरिकन संघटनेने 1973 मध्ये, जागतिक आरोग्य संघटनेने 1990 मध्ये तिला आजारांतून काढलं, आणि समलिंगी संबंध गुन्हा नाही हा आपल्या सुप्रीम कोर्टाचा निकाल 6 सप्टेंबर 2018 चा. अजून कुणी प्रोजेक्टमध्ये ती पॅराफिलियाखाली टाकत असेल तर गाईडने लाल पेनने उडवावी.

तर मराठीत काय? डिसऑर्डरसाठी शब्द आपल्याकडे तयार आहे: विकार. हृदयविकार, नेत्रविकार, मनोविकार. धातू तोच कृ, उपसर्ग तोच वि, पण हृदयविकार झालेल्या माणसाला कुणी विकृत म्हणत नाही. म्हणून 'पॅराफिलिया विकार' बिनधास्त लिहा. आणि नुसत्या पॅराफिलियासाठी माझं मत गेली कित्येक वर्षं 'आडओढ' हे आहे. हसू नका, आधी ऐका. ग्रीक पॅराचं काम मराठीत 'आड' करतो. आडवाट म्हणजे मुख्य रस्त्याच्या बाजूची वाट, चुकीची वाट नव्हे, पन्हाळ्याकडची निम्मी गावं अशा वाटांवरच आहेत. आडगाव म्हणजे हमरस्त्याला नसलेलं गाव. आणि आडनाव बघा की! नावाशेजारचं नाव, आणि ते तर आपण छाती फुगवून सांगतो. म्हणजे 'आड'मध्ये बाजूचेपण आहे, शिवी नाही. फिलियाला कोल्हापुरात खरं तर 'नाद' शोभला असता, कबुतराचा नाद, कुस्तीचा नाद, पण नाद म्हणजे माणूस त्यात उतरलेला असतो, पैसे घालवतो, वेळ घालवतो. पॅराफिलियात माणूस काही करेलच असं नाही, आतून ओढ असते. म्हणून ओढ. आडओढ. कोशमंडळींना दोन स्वर शेजारी आले म्हणून उच्चार खटकतो म्हणे. मला तो कधी खटकला नाही, तेव्हा हे कारण मी मानत नाही.

आता फेटिश, ज्यासाठी खरं म्हणजे मी हे लिहायला बसलो. हल्ली पोरं म्हणतात 'मला तांबड्या रश्श्याचं फेटिश आहे'. अरे बाबांनो, तुम्हाला तांबड्या रश्श्याचा नाद आहे! दोन अक्षरांचा आपला शब्द घरात असताना हा कशाला? आणि त्या शब्दाचा अर्थ माहीत असता तर जेवणाच्या ताटावर बोलला नसता. लॅटिनमध्ये फॅक्टिसिउस म्हणजे बनवलेलं, कृत्रिम. त्यावरून पोर्तुगीजमध्ये फेइतिसो, म्हणजे जादूटोण्याची वस्तू, आणि टोणा करणारा तो फेइतिसेइरो. पोर्तुगीज खलाशी पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर गेले, तिथल्या लोकांच्या गळ्यातले ताईत, पूजेतल्या वस्तू बघितल्या आणि आपल्याच घरचा हा शब्द त्यांना चिकटवला. तिथून फ्रेंच फेटिश, तिथून इंग्रजी.

आणि आता आपली मराठी घ्या. तिठ्यावर सकाळी लिंबू पडलेलं असतं, त्यात टाचण्या टोचलेल्या, शेजारी काळी बाहुली, हळदकुंकू सांडलेलं. सासू काय म्हणते? 'कुणीतरी करणी केलीया.' करणी! करणे या क्रियापदापासून. 'केलेलं' ते करणी, 'केलेलं' तेच फेइतिसो. अथर्ववेदात हीच कृत्या आहे, तीही कृ धातूपासून, आणि ती परतवून लावायची सूक्तंच्या सूक्तं आहेत. इटालियनमध्ये फात्तुरा म्हणजे दुकानदाराचं बिलही आणि करणीही. 2013 च्या आपल्या जादूटोणाविरोधी कायद्याच्या अनुसूचीतसुद्धा करणी शब्द आहे. लिस्बनपासून करवीरापर्यंत माणसाला जादू म्हणजे 'कुणीतरी केलेलं काहीतरी' असंच वाटलं, यापेक्षा सुंदर काय असतं मला तरी माहीत नाही. फक्त ते फॅक्टिसिउसमधलं फाकेरे आणि आपला कृ हे एकाच धातूचे असं जे काही लोक छातीठोक सांगतात ते सोडून द्या, फाकेरेचा आपल्याकडचा नातलग 'धा' आहे, विधी आणि विधान यांतला. नातं धातूचं नाही, विचाराचं आहे, आणि तेच जास्त भारी आहे.

शार्ल द ब्रॉस या फ्रेंच लेखकाने 1760 मध्ये फेटिश शब्द घेऊन धर्मावर अख्खं पुस्तक लिहिलं आणि व्युत्पत्ती मात्र लॅटिन 'फातुम', म्हणजे नियती, इथून लावली. चुकले. हातात पोर्तुगीज शब्द आयता असताना देववाणीकडे धावायची खोड फ्रेंच पंडितांनाही होती, आपल्यालाच आहे असं नाही.

मग 1887 मध्ये आल्फ्रे बिने यांनी, बुद्धिमापन चाचणीवाले तेच, प्रेमातल्या फेटिशवर लेख लिहिला आणि शब्द देवळातून शेजघरात आणला. त्या काळच्या फ्रेंच डॉक्टरांच्या नोंदींत कोण रात्रीच्या टोपीवर भाळलेला, कोण पांढऱ्या एप्रनवर, कोण बुटाच्या खिळ्यांवर, शिवाय केस, हात हे तर आहेच. आणि करणीला काय सामान लागतं म्हणतात? ज्याच्यावर करायची त्याचे केस, नखं, अंगावरच्या कापडाचा तुकडा. माणूस हजर नसताना त्याच्या अंगाचा एक तुकडा त्याच्या जागी उभा राहतो, हे दोन्हीकडे सारखं! बिने यांना हा शब्द का सुचला हे करणीचं सामान बघितलेल्या मराठी माणसाला पॅरिसमधल्यापेक्षा चटकन कळेल असं माझं स्पष्ट मत आहे.

तर ताई, फेटिशिझम हा पॅराफिलियाचा एक प्रकार, वस्तूवर किंवा शरीराच्या एखाद्या भागावर बसलेला. प्रत्येक फेटिश पॅराफिलियात येतं, प्रत्येक पॅराफिलिया फेटिश नसते. प्रोजेक्टमध्ये पहिल्यांदा 'पॅराफिलिया' देवनागरीतच लिहा, शेजारी एका ओळीत व्याख्या द्या, आणि त्रास किंवा इजा असेल तिथेच 'पॅराफिलिया विकार'. गाईडने आडओढ काढायला लावला तर काढा, मार्क महत्त्वाचे आहेत, पण 'विकृती' घालायला लावली तर डीएसएमचं ते पान उघडून त्यांच्या टेबलावर ठेवा.