'आक्रोश'सोबत गोल्डन पीकॉक घेणारा तो बल्गेरियन कोण?

प्रश्न: १९८१ ला दिल्लीच्या फिल्म फेस्टिवलमधे गोविंद निहलानींच्या 'आक्रोश'ला गोल्डन पीकॉक, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळालं पण ते एका बल्गेरियन सिनेमाबरोबर वाटून, एवढंच कुठंतरी वाचलंय. दिग्दर्शक कोण हा? अजून काही केलंय का त्याने? सुरवात कुठून करू?

उत्तर: भरपूर केलंय हो. रान्गेल वल्चानोव, जन्म १९२८, सोफियाजवळच्या क्रिविना गावचा. बल्गेरियात १९४८ लाच सिनेमाचा सगळा धंदा सरकारजमा झालेला, म्हणजे स्क्रिप्ट आधी कमिटीला दाखवायची, त्यांनी मान डोलावली तर शूटिंग. असल्या वातावरणात याने १९५८ मधे पहिला सिनेमा काढला, 'छोट्या बेटावर', लेखक कवी वालेरी पेत्रोव. १९२३ चा कम्युनिस्टांचा उठाव फसल्यावर काळ्या समुद्रातल्या बेटावर डांबलेले कैदी पळायला बघतात आणि जमत नाही, बस्स एवढंच. विषय सत्तेतल्या कम्युनिस्ट पक्षाच्या सोयीचा, पण विजयाचा झेंडा बिंडा काही नाही, कैदी घाबरतात, चुकतात, मरतात, ते वरच्या लोकांना खटकलंच.

त्यानंतर याच जोडीने 'पहिला धडा' (१९६०) केला, तो कान्सच्या स्पर्धेत होता, मग 'सूर्य आणि सावली' (१९६२), समुद्रकिनारा, एक मुलगा, एक परदेशी मुलगी आणि डोक्यावर अणुयुद्धाची भीती. 'इन्स्पेक्टर आणि रात्र' ही मर्डर मिस्ट्री पण याचीच. सत्तरच्या आसपास काही सिनेमे चेकोस्लोवाकियात जाऊन केले, परत आल्यावर चक्क मुलांसाठी गाण्यांचा सिनेमा! एका साच्यात बसणारा गडीच नव्हता.

आता तुमचा बक्षिसवाला, 'अज्ञात सैनिकाचे चकचकीत बूट' (१९७९). याची स्क्रिप्ट साठच्या दशकातलीच पण कितीतरी वर्षं नुसती पडून होती. सुरवात होते लंडनमधे, राजवाड्यासमोर पहारा बदलतोय, कडक इस्त्रीचे सैनिक, आणि ते बघता बघता निवेदकाला आपलं लहानपणीचं गाव आठवायला लागतं, लग्न, भांडणं, म्हातारी माणसं, मरणं, सगळं एकात एक मिसळलेलं. यातले बरेचसे लोक नट नाहीतच, खेडूत आहेत, म्हणून त्या लग्नात कोणी अॅक्टिंग करतंय असं वाटतच नाही, कॅमेरा पाहुणा म्हणून घुसलाय असं वाटतं. सरळ गोष्ट शोधत बसाल तर मात्र वैतागाल. (आणि 'आक्रोश'ची पटकथा आपल्या विजय तेंडुलकरांची, म्हणजे त्या वर्षी बक्षीस वाटून घेणारे दोन सिनेमे किती वेगळ्या जातीचे होते बघा.)

२०१३ मधे वल्चानोव गेले. तुम्ही आधी 'बूट' बघा, मग 'छोट्या बेटावर'. 'सूर्य आणि सावली' शेवटी ठेवा, दिसायला सुंदर आहे पण मला तरी त्यातले संवाद जरा भाषणासारखे वाटतात.