पेज तिचं, अंग कोणाचं?

“मॅडम, पोरगं हाताबाहेर गेलं का?” समुपदेशनासाठी माझ्याकडे आलेल्या आईनं खुर्चीत टेकायच्या आधीच विचारलं.

मुलगा १९ वर्षांचा, डिप्लोमाला. (ओळख कळू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) एका नटीचं फॅनपेज चालवतो. त्याच्या फोनवर आईला त्या नटीचा तोकड्या कपड्यांतला नाच दिसला. “तो खरा नाही, चेहरा ॲपनं बसवलाय,” असं त्यानं सांगितल्यावर ती जास्तच हादरली. वडिलांनी फोन आपटला. स्क्रीन फुटली, व्हिडिओ पेजवर होता तसाच राहिला.

“ही विकृती आहे का?” असं विचारणारे पालक हल्ली वरचेवर येतात. बहुतेक वेळा नसते. पण “वयच तसं आहे” म्हणून कानाडोळा करावा, असंही ते प्रकरण नसतं.

मुलाशी एकट्याशी बोलले. “मी तिचं वाईट कशाला करीन? कमेंटमध्ये तिला कुणी काही बोललं तर मीच त्याच्या अंगावर जातो.” आणि ते खरंच होतं. असले व्हिडिओ करणारा त्या बाईचा वैरी असणार, अशी आपली समजूत असते. माझ्यासमोर बसतात ते भक्त. भक्ती करता करता देवीच आपल्या मालकीची वाटायला लागते, ते त्यांचं त्यांना कळतही नाही.

मी त्याला रश्मिका मंदानाचं प्रकरण आठवतं का विचारलं. नोव्हेंबर २०२३ मध्ये लिफ्टमध्ये शिरणाऱ्या बाईला रश्मिकाचा चेहरा बसवलेला तो खोटा व्हिडिओ देशभर फिरला. जानेवारी २०२४ मध्ये दिल्ली पोलिसांनी आंध्रातल्या गुंटूरच्या एका इंजिनिअर तरुणाला पकडलं. पोलिसांच्या म्हणण्याप्रमाणे तो रश्मिकाचं फॅनपेज चालवायचा आणि फॉलोअर वाढावेत म्हणून त्यानं ते केलं. दोन आठवड्यांत पेज ९० हजारांवरून १ लाख ८ हजारांवर गेलं.

“तुझे किती वाढले?”

तो खाली बघत म्हणाला, “हजारभर.”

“त्या लिफ्टमधली बाई कोण होती, माहितीय?”

“रश्मिका... म्हणजे, नाही.”

ती झारा पटेल. ब्रिटिश-भारतीय तरुणी, स्वतःचे व्हिडिओ टाकणारी. यात आपला काही हात नाही आणि घडल्या प्रकारानं आपण अस्वस्थ आहोत, असं तिला जाहीरपणे सांगावं लागलं. देश रश्मिकासाठी हळहळला, ते योग्यच. पण अंग जिचं वापरलं, तिचं नाव किती जणांच्या लक्षात राहिलं?

“तुझ्या व्हिडिओतलं अंग कोणाचं?”

“कुणीतरी रीलवाली.”

त्यावर मी काही बोलले नाही. तोही बोलला नाही. त्या दिवशीचं काम खरं तर तिथेच झालं.

पुढच्या भेटीत तो स्वतःहून म्हणाला, “सापडली. चारशेच फॉलोअर आहेत तिचे. क्लासमध्ये नाच शिकते.” त्याला तिला लांबलचक माफीचा मेसेज पाठवायचा होता. मी थांबवलं. आधी व्हिडिओ काढ. मग पेजवर लिही की तो खोटा होता आणि तू केला होतास. मेसेज नंतर, दोन ओळींचा, “माफ केलं ना?” असं न विचारता. नाहीतर त्याचं मन हलकं करायचं कामही तिच्याच गळ्यात पडतं. कायद्याचं मी शेवटी सांगितलं. गुंटूरच्या तरुणावरच्या गुन्ह्यात बनावटीकरणाचं कलम होतं, माहिती तंत्रज्ञान कायद्याचीही कलमं होती. आधी सांगितलं असतं तर तो नुसता घाबरला असता.

चार दिवसांनी आईचा फोन आला. “सहाशे लोक सोडून गेले म्हणतो. शिव्याही पडल्यात. रात्री जेवला नाही नीट.” मग जरा थांबून, “मॅडम, स्क्रीन बदलून देऊ का त्याला?”

“द्या,” म्हटलं. “पैसे वडिलांकडून घ्या.”