लेकीच्या बारावीनंतरचा विचार तिला सोबत घेऊन करा

प्रश्न : आमचे केज तालुक्यातील शेतकरी कुटुंब आहे. माझी मुलगी अकरावी कला शाखेत शिकते. तिला रेटिनायटिस पिगमेंटोसा हा डोळ्यांचा आजार आहे. दिवसा ती पुस्तक वाचते, पण दिवस मावळला की तिला एकटीने अंगणातही उतरता येत नाही. ती पाचवीत असताना काढलेल्या प्रमाणपत्रावर ३० टक्के दिव्यांगत्व लिहिलेले आहे. कॉलेजला मीच तिला मोटारसायकलवर नेतो-आणतो. बारावीनंतर तिला डी.एल.एड.ला (प्राथमिक शिक्षक पदविकेला) घालावे आणि सरकारी नोकरीचे पाहावे, असे माझ्या मनात आहे. घरातील वडीलधारी मंडळी म्हणतात की शिक्षण पुरे झाले, मामाच्या मुलाशी लग्न लावून द्या, घरातल्या घरात तिला सांभाळून घेतील. आम्ही नवरा-बायकोही नात्यातलेच आहोत. तिचा धाकटा भाऊ सहावीत आहे. गावातले लोक सातबारा, फेरफार आणि पीकविम्याचे कागद तिच्याकडूनच वाचून घेतात, इतकी ती हुशार आहे. आम्ही काय करावे?

उत्तर : सप्रेम नमस्कार. तुमचे पत्र मी दोनदा वाचले. मुलीच्या भवितव्याची तुम्हाला असलेली काळजी त्यातील प्रत्येक ओळीत दिसते, परंतु तिला स्वतःला काय करावेसे वाटते, याविषयी पत्रात एकही वाक्य नाही. हे मी दोष काढण्यासाठी लिहीत नाही. ज्या मुलांना लहानपणापासून जपावे लागते, त्यांच्या वतीने बोलण्याची सवय घराला नकळत लागते आणि शाळा असेपर्यंत त्यात काही बिघडतही नाही, कारण शिक्षक ओळखीचे असतात, मैत्रिणी वही पूर्ण करून देतात आणि मुलीची अडचण साऱ्या गावाला ठाऊक असते. बारावीनंतर मात्र ती जिथे जाईल तिथे तिला ओळखणारे कोणी नसेल. तिथे आपली अडचण आपल्याच तोंडाने सांगावी लागते आणि सवलत आपणच मागावी लागते. याची तयारी बारावीच्या निकालानंतर सुरू करून चालत नाही. तुमच्या हाती अजून दीड वर्ष आहे आणि माझ्या मते ते पुरेसे आहे.

सर्वांत आधी प्रमाणपत्राचे काम हाती घ्या. या आजारात समोरची नजर बरीच वर्षे टिकते, परंतु बाजूचे दिसणे हळूहळू आत आत आक्रसत जाते आणि माणसाला नळकांड्यातून पाहिल्यासारखे दिसू लागते. म्हणूनच केवळ तक्त्यावरची अक्षरे वाचून घेतली तर दिव्यांगत्व कमी भरते. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये दृष्टीच्या तीक्ष्णतेइतकेच दृष्टिक्षेत्रालाही महत्त्व दिलेले आहे. ज्यांचे दृष्टिक्षेत्र ४० अंशांपेक्षा कमी आहे त्यांची गणना अल्पदृष्टीत होते आणि ते १० अंशांच्याही खाली गेले तर कायद्याच्या दृष्टीने ते अंधत्व ठरते, मग समोरची अक्षरे वाचता येत असली तरीही. पाचवीतील तपासणीला सहा वर्षे होत आली आहेत आणि हा आजार वाढत जाणारा आहे. अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील नेत्र विभागात किंवा बीडच्या जिल्हा रुग्णालयात जाऊन पुनर्तपासणीची मागणी करा आणि पेरिमेट्री, म्हणजे दृष्टिक्षेत्राची तपासणी, करून त्याचा अहवाल जोडण्याचा आग्रह धरा. दिव्यांगत्व ४० टक्के किंवा त्याहून अधिक भरले तरच आरक्षणाचा लाभ मिळतो, त्यामुळे या एका तपासणीवर पुढचे बरेच काही अवलंबून आहे. नव्या मूल्यांकनावरच तिचे यूडीआयडी कार्ड, म्हणजे दिव्यांगांचे देशभर चालणारे ओळखपत्र, काढून घ्या.

त्याच फेरीत धाकट्या मुलाचेही डोळे तपासून घ्या. आई-वडील नात्यातले असतील आणि दोघांकडूनही तोच सदोष जनुक आला असेल, तर प्रत्येक अपत्याला हा आजार होण्याची शक्यता चारात एक इतकी असते. संध्याकाळी अडखळणे हे त्याचे पहिले लक्षण असू शकते आणि घरात त्याला अनेकदा धांदरटपणा समजले जाते. मामाच्या मुलाशी लग्नाच्या विचाराबद्दलही याच कारणाने मला स्पष्ट लिहिले पाहिजे. तो जनुक त्या घरातही असण्याची शक्यता बाहेरच्या कुटुंबापेक्षा पुष्कळ अधिक आहे, म्हणून जनुकीय समुपदेशन घेतल्याशिवाय नात्यात लग्न ठरवणे तिच्या होणाऱ्या मुलांच्या दृष्टीने धोक्याचे आहे. शिवाय सांभाळून घेतील या भरवशावर केलेले लग्न सांभाळणारे हात थकले की उघडे पडते. लग्न कधी आणि कोणाशी करायचे हा निर्णय तिचा आहे आणि तो स्वतःच्या पायांवर उभी राहिलेली मुलगी अधिक शांतपणे घेऊ शकते.

हा आजार मुळापासून बरा करण्याचा दावा करणाऱ्या थेंबांवर, काढ्यांवर आणि शिबिरांवर पैसे घालवू नका, ही माझी कळकळीची विनंती आहे. सध्या उपलब्ध असलेला जनुकीय उपचार एका विशिष्ट जनुकातील दोषापुरताच आहे आणि तो अतिशय महाग आहे. तरीही नेत्रपटलतज्ज्ञांकडे नियमित तपासणी चालू ठेवा, कारण या रुग्णांमध्ये आढळणारा मोतीबिंदू किंवा नेत्रपटलाच्या मध्यभागी येणारी सूज यांवर इलाज करता येतो आणि उरलेली नजर राखण्यासाठी तो मोलाचा ठरतो.

आता बारावीच्या परीक्षेविषयी. तुमचा जिल्हा छत्रपती संभाजीनगर विभागीय मंडळाकडे येतो आणि परीक्षेतील सवलतींचा प्रस्ताव कॉलेजमार्फत वेळेत मंडळाकडे जावा लागतो, म्हणून प्राचार्यांशी याच वर्षी बोला. केंद्र शासनाच्या मार्गदर्शक सूचनांनुसार अंधत्व असलेल्या उमेदवाराला मागणी केल्यास लेखनिक मिळतो. अल्पदृष्टी असेल तर लिहिण्यात अडचण असल्याचे व लेखनिक आवश्यक असल्याचे जिल्हा शल्यचिकित्सकांचे किंवा तत्सम वैद्यकीय अधिकाऱ्यांचे वेगळे प्रमाणपत्र लागते. भरपाईचा वेळ ताशी किमान २० मिनिटे आहे, म्हणजे तीन तासांच्या पेपरला एक तास. प्रमाणपत्रावरची टक्केवारी ४० च्या आत राहिली तरी निराश होऊ नका. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२१ मध्ये विकास कुमार यांच्या खटल्यात लेखनिकाची सवलत केवळ ४० टक्क्यांच्या अटीवर नाकारता येणार नाही असा निर्णय दिला आणि त्यानंतर २०२२ मध्ये अशा उमेदवारांसाठीही सूचना निघाल्या.

लेखनिक मिळाला म्हणजे काम झाले असे मात्र समजू नये. उत्तर मनात जुळवून, विरामचिन्हांसह, दुसऱ्याला पेलेल अशा गतीने सांगणे हे वेगळे कौशल्य आहे आणि हुशार मुलेही त्यात पहिल्या वेळी गोंधळतात. गावातील एखाद्या नववी-दहावीच्या मुलीला बसवून आतापासून दर आठवड्याला एक पेपर सोडवण्याचा सराव ठेवावा. ती स्वतः लिहू शकते की तिला लेखनिक हवा, हेही त्या सरावातूनच तिला कळेल.

तथापि कागदपत्रांपेक्षा मला अधिक काळजी वाटते ती मोटारसायकलची. तुम्ही तिला रोज नेता-आणता, यात प्रेम आहे, परंतु त्यामुळे एसटीचा फलक वाचणे, कंडक्टरला विचारणे, पैसे मोजणे आणि अनोळखी स्थानकावर वाट काढणे यांपैकी काहीही तिच्या अंगवळणी पडलेले नाही. आठवड्यातून एक दिवस तिला केजपर्यंत दिवसाउजेडी एसटीने जाऊ द्या, पहिल्या काही वेळा तुम्ही मागच्या बाकावर बसा, आणि ती चुकली तरी लगेच उठू नका. प्रमाणपत्र झाल्यावर एसटीच्या भाड्यात ७५ टक्के सवलत मिळते, ती मागणेही तिलाच करू द्या. संध्याकाळसाठी पांढऱ्या काठीचे प्रशिक्षण घ्यावे. काठी हातात घेतली की मुलगी आंधळी असल्याचा बोभाटा होईल, ही भीती मी अनेक घरांत पाहिली आहे आणि तिच्यापायी कितीतरी मुली अंधार पडण्याआधी घरात परततात व अभ्यासिका, स्पर्धा, मैत्रिणी यांना मुकतात.

या आजाराच्या मुलांना आणखी एक त्रास होतो, त्याविषयी तिच्याशी अवश्य बोला. वर्तमानपत्र वाचणारी मुलगी पायाजवळच्या बाकाला धडकते, तेव्हा लोकांना ती ढोंग करते असे वाटते, आणि समोर आलेला हात न दिसल्यामुळे तिने नमस्कार केला नाही की तिला गर्विष्ठ ठरवतात. नव्या कॉलेजात पहिल्याच दिवशी प्राध्यापकांना आणि खोलीतील मैत्रिणींना सांगता येईल असे तिच्या शब्दांतले छोटे निवेदन तिने तयार ठेवावे. उदाहरणार्थ : ‘मला समोरचे दिसते, बाजूचे आणि खालचे दिसत नाही. कमी उजेडात मला काहीच दिसत नाही. मला पुढच्या बाकावर बसू द्यावे आणि फळ्यावर लिहिताना तोंडाने वाचावे.’ हे न लाजता आणि न रडता सांगता येणे हीच कॉलेजची खरी पूर्वतयारी आहे. आधी तुमच्यापुढे, मग सध्याच्या वर्गशिक्षकांपुढे तिने ते बोलून पाहावे.

नजर शाबूत आहे तोवरच तिने ऐकून वाचण्याची सवय लावून घ्यावी. अँड्रॉइड फोनमध्ये पडद्यावरचा मजकूर बोलून दाखवणारी टॉकबॅक ही सोय असतेच, आणि संगणकासाठी एनव्हीडीए हा तसाच पडदावाचक विनामूल्य मिळतो व तो मराठीही वाचतो. छापील मजकूर वाचू न शकणाऱ्यांसाठी सुगम्य पुस्तकालय हे ऑनलाइन ग्रंथालय २०१६ पासून चालू आहे. ब्रेलही शिकता आले तर चांगलेच, परंतु वेळ मोजका असेल तर मी पडदावाचकाला आणि मराठी-इंग्रजी टंकलेखनाला आधी वेळ देईन.

अभ्यासक्रमाबद्दल तुम्ही डी.एल.एड.चे नाव घेतले आहे. शिकवण्याची आवड असेल तर तो मार्ग वाईट नाही, पण त्यानंतर टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा, आणि मग भरतीची प्रतीक्षा आहे, आणि तुमच्या पत्रात तिला शिकवणे आवडते असे कुठेही म्हटलेले नाही. उलट सातबारा आणि फेरफार वाचून लोकांना समजावून देणाऱ्या मुलीला कायद्याच्या शिक्षणाविषयी एकदा विचारायला हवे. बारावीनंतर पाच वर्षांच्या विधी अभ्यासक्रमासाठी राज्याची सीईटी असते. छत्रपती संभाजीनगर आणि लातूर येथे विधी महाविद्यालये आहेत, आणि छत्रपती संभाजीनगरच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठात क्लॅट या देशपातळीवरील प्रवेश परीक्षेतून प्रवेश होतो. क्लॅटची परीक्षा आणि पुढचे शिक्षण इंग्रजीतून असते, त्यामुळे तो विचार असेल तर इंग्रजी वाचनाला आजच सुरुवात करावी लागेल. शासकीय व अनुदानित उच्च शिक्षण संस्थांत ४० टक्के किंवा अधिक दिव्यांगत्व असणाऱ्यांसाठी किमान ५ टक्के जागा राखीव आहेत आणि वयात ५ वर्षांची सवलत आहे. विनाअनुदानित संस्थेत प्रवेश घेताना हे आधी विचारून घ्यावे. दृष्टिबाधित व्यक्तींना न्यायिक सेवेतून वगळता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ३ मार्च २०२५ रोजी सांगितले आहे, म्हणजे हा रस्ता वकिलीपाशी संपत नाही. अर्थात तालुक्याच्या कोर्टात सुरुवातीची वर्षे कमाई तुटपुंजी असते हेही तिला माहीत असावे. तिला लवकर पगार हवा असेल तर कोणतीही पदवी घेऊन बँकांच्या परीक्षा देता येतात. सरकारी नोकऱ्यांतील ४ टक्के दिव्यांग आरक्षणापैकी १ टक्का अंध व अल्पदृष्टी उमेदवारांसाठी आहे.

खर्चासाठी महाडीबीटीवरील दिव्यांगांची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्ती पाहा. वसतिगृहाची चौकशी जिल्हा परिषदेच्या आणि समाजकल्याणच्या कार्यालयात तिला सोबत नेऊनच करा, आणि खिडकीवर बोलू तिलाच द्या.

दृष्टिक्षेत्राच्या तपासणीचा अहवाल आला की मला पाठवा. त्यासोबत तिला कोणते काम करताना वेळ कसा गेला ते कळत नाही, घरापासून दूर राहण्याची सर्वांत जास्त भीती कशाची वाटते, आणि वकिली, बँक व शिक्षकी यांपैकी तिला काय जवळचे वाटते किंवा यांतले काहीच का वाटत नाही, या प्रश्नांची उत्तरे हवी आहेत. ते पत्र मात्र तिने स्वतः लिहावे, म्हणजे पुढचे उत्तर मला थेट तिलाच देता येईल.