मेक्सिको शहरातून एका दिवसात: तास्को, कुएर्नावाका आणि काकावामिल्पाच्या गुहा

मेक्सिको शहराच्या दक्षिणेस असलेली कुएर्नावाका व तास्को ही स्पॅनिश अमदानीतील गावे आणि त्याच परिसरातील काकावामिल्पाच्या गुहा यांविषयी अलीकडे वाचकांची बरीच पत्रे आली आहेत. त्यांपैकी ज्यांची उत्तरे इतरांनाही उपयोगी पडतील, असे प्रश्न येथे घेतले आहेत.

प्रश्न : ह्यूस्टनला मुलाकडे गेल्यावर आम्ही दोघे चार दिवस मेक्सिको शहरात जाणार आहोत. तेथील एका सहल-आयोजकाने कुएर्नावाका, काकावामिल्पा आणि तास्को ही तिन्ही ठिकाणे मार्गदर्शकासह एका दिवसात दाखवण्याचे कबूल केले आहे. हे जमण्यासारखे आहे का? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : गाडी तिन्ही ठिकाणी थांबेल, एवढ्याच अर्थाने ते जमते. मेक्सिको शहरापासून कुएर्नावाका सुमारे ८५ किलोमीटर आहे, पण शहर सुमारे २,२४० मीटर उंचीवर, मधला घाट जवळपास ३,००० मीटरवर आणि कुएर्नावाका सुमारे १,५०० मीटरवर असल्यामुळे रस्ता आधी चढतो आणि मग बराच उतरतो. शिवाय शहराबाहेर पडतानाची वाहतूककोंडी वेगळीच. तेथून गुहांपर्यंत सव्वा तास, गुहांपासून तास्कोपर्यंत पाऊण तास आणि तास्कोहून परतीचे सुमारे १७० किलोमीटर असा हिशेब केला, तर सहा ते साडेसहा तास गाडीतच जातात. बारा तासांच्या सहलीत उरतात साडेपाच तास, त्यांतले दोन-अडीच तास गुहा घेते आणि राहिलेल्या तीन तासांत दोन गावे व जेवण उरकावे लागते. व्यवहारात काट मारली जाते ती कुएर्नावाकावर: चौकात वीस मिनिटे, राजवाड्यासमोर एक छायाचित्र, की पुन्हा गाडीत.

म्हणून आमचा सल्ला असा, की तास्को कायम ठेवावे आणि उरलेल्या दोहोंपैकी एकाची निवड करावी. निसर्गाची ओढ असेल आणि पाय धड असतील, तर गुहा. भित्तिचित्रे आणि इतिहास यांत रस असेल, तर कुएर्नावाका. आयोजकाला स्थळांची यादी न विचारता प्रत्येक ठिकाणी गाडीबाहेर किती वेळ मिळेल आणि चांदीच्या दुकानातला थांबा त्याच वेळातून कापला जाणार का, हे विचारावे. दुकानातला थांबा जवळपास प्रत्येक सहलीत असतोच आणि आयोजकाला तेथे दलाली मिळते, हे गृहीत धरलेले बरे. उत्तर गुळमुळीत आले, तर दुसरा आयोजक पाहावा. गुहा निवडल्यास आधी गाव व नंतर गुहा असा क्रम आग्रहाने मागावा, कारण जून ते ऑक्टोबर या पावसाळ्यात तेथे बहुधा दुपारनंतर पाऊस येतो आणि तास्कोचे ओले दगडी उतार चढण्यापेक्षा उतरतानाच अधिक त्रास देतात.

प्रश्न : या गुहा आपल्या वेरूळसारख्या आहेत का? माझ्या आईचे वय ७१ आहे. तिला चालणे झेपेल का? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : वेरूळशी त्यांचे काहीच साम्य नाही. वेरूळ-अजिंठ्याची लेणी माणसांनी छिन्नी-हातोड्याने बेसाल्टमध्ये कोरली. काकावामिल्पाची गुहा पाण्याने चुनखडकात कोरली. हवेतील आणि मातीतील कार्बन डायऑक्साइड विरघळलेले पाणी किंचित आम्लधर्मी होते, ते चुनखडक विरघळवत भेगा रुंद करते आणि पुढे छतावरून ठिबकताना विरघळलेला चुना मागे ठेवते. शाळेत पाठ केलेले अधोमुखी आणि ऊर्ध्वमुखी लवणस्तंभ येथे कित्येक मजली इमारतीएवढे झालेले दिसतात. सह्याद्री लाव्हाचा असल्यामुळे अशी गुहा आपल्याकडे घडली नाही. जवळची म्हणायची, तर आंध्र प्रदेशातील बोरा गुहा. ज्यांनी ती पाहिली आहे, त्यांनी काकावामिल्पात तोच प्रकार, पण फार मोठ्या मापात पाहायला मिळेल असे समजावे.

माप सांगायचे तर, पर्यटकांसाठीचा मार्ग एका दिशेने सुमारे दोन किलोमीटर आहे, वाटेत वीस दालने आहेत आणि काही ठिकाणी छत जवळपास ७० मीटर उंच आहे. वाट सिमेंटची आहे आणि दिवे आहेत, परंतु मध्येमध्ये पायऱ्या व चढउतार आहेत, आणि गेलेल्या वाटेनेच परत यावे लागत असल्याने एकूण चार किलोमीटर चालणे होते. प्रवेश गटागटाने, गुहेच्याच मार्गदर्शकाबरोबर मिळतो. गट शेवटच्या दालनापर्यंत जातो आणि परतताना ज्याने त्याने आपल्या चालीने यावे अशी पद्धत आहे. आपल्या मातोश्रींना सपाटीवर तासभर चालण्याची सवय असेल, तर त्यांनी पहिली चार-पाच दालने पाहून सोबत्यासह परत फिरावे. भव्यतेची कल्पना तेवढ्यावर पुरेशी येते. आत थंडी असेल या समजुतीने स्वेटर नेऊ नये. हवा दमट असते आणि चालून घाम येतो. बुटांचा तळ मात्र घसरणारा नको.

मार्गदर्शक मुख्यतः स्पॅनिशमध्ये बोलतात आणि त्यांचा बराच वेळ कोणत्या खडकात कोणता प्राणी दिसतो हे विजेरीने दाखवण्यात जातो. ते कंटाळवाणे वाटले, तरी एक कथा ऐकण्यासारखी आहे. १८६६मध्ये फ्रान्सने मेक्सिकोच्या गादीवर बसवलेला सम्राट मॅक्सिमिलियन याची पत्नी कार्लोटा ही गुहा पाहायला आली आणि जेथपर्यंत गेली, तेथे आपण येथवर पोहोचल्याची नोंद भिंतीवर करून गेली. पुढे १८७४मध्ये प्रजासत्ताकाचे अध्यक्ष सेबास्तियान लेर्दो दे तेखादा आले आणि त्यांनी आपण त्याही पुढे गेल्याचे लिहून ठेवले, असे सांगतात. दरम्यान मॅक्सिमिलियनला १८६७मध्ये प्रजासत्ताकवाद्यांनी गोळ्या घालून ठार केले होते, हे ठाऊक असले म्हणजे त्या कुरघोडीतला खवचटपणा कळतो.

या डोंगराखालून चोंतालकोआत्लान आणि सान हेरोनिमो या दोन नद्या वाहतात आणि ‘दोस बोकास’ येथे एकमेकींशेजारी बाहेर पडतात. त्या भूमिगत नद्यांमधून जाण्याची साहसी सहल कोरड्या महिन्यांत काढली जाते, पण ती पूर्णपणे वेगळी असते. जाहिरातीत दोन्हींची सरमिसळ झालेली आढळली, तर नीट विचारून घ्यावे.

प्रश्न : आमच्या वसईचे संत गोन्सालो गार्सिया यांचे चित्र मेक्सिकोतील एका चर्चमध्ये असल्याचे ऐकले. ते या मार्गावर आहे काय? (एक वाचक, वसई)

उत्तर : होय, आणि ज्या पत्राने आमचाही आनंद वाढला ते हेच. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकी येथे जपानचा तत्कालीन सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशी याच्या हुकमाने २६ ख्रिस्ती लोकांना क्रूसावर देण्यात आले. सोळाव्या शतकात वसईत जन्मलेले, व्यापारानिमित्त पूर्वेकडे गेलेले, मनिलात फ्रान्सिस्कन या ख्रिस्ती संन्याशांच्या संघात शिरून जपानमध्ये दुभाष्याचे काम करणारे गोन्सालो गार्सिया त्यांच्यात होते. १८६२मध्ये पोप नववे पायस यांनी या सर्वांना संतपद दिले. कुएर्नावाकाच्या कॅथीड्रलमध्ये, लांबलचक सभामंडपाच्या दोन्ही भिंतींवर, याच घटनेचे भित्तिचित्र आहे. शतकानुशतके ते गिलाव्याखाली दडलेले होते आणि विसाव्या शतकाच्या मध्यास झालेल्या दुरुस्तीच्या वेळी उजेडात आले.

जपानमधील हत्याकांड मेक्सिकोच्या भिंतीवर कसे आले, याचे उत्तर रस्त्यात आहे. स्पेनहून आशियाकडे निघालेले फ्रान्सिस्कन धर्मोपदेशक मेक्सिको ओलांडून आकापुल्कोला जात आणि तेथून मनिलाचे गलबत पकडत. कुएर्नावाका त्या वाटेवर होते आणि आजचे कॅथीड्रल मुळात फ्रान्सिस्कनांचाच मठ होता. शिवाय त्या २६ जणांत मेक्सिको शहरात जन्मलेले फेलिपे दे हेसूस होते, त्यामुळे येथील लोकांना ती घरचीच गोष्ट होती. हा मठ पोपोकातेपेत्ल ज्वालामुखीच्या उतारावरील सोळाव्या शतकातील इतर मठांसह १९९४पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे.

चित्र तुटक व पुसट आहे. होड्या, भालाईत आणि क्रूस ओळखू येतात, पण आत शिरल्यावर अंधाराला डोळे सरावेपर्यंत थांबावे लागते. सर्वसाधारण सहलीत बरेचदा कॅथीड्रल बाहेरूनच दाखवतात, म्हणून आपण आत जाण्यासाठी निदान पाऊण तास हवा असे आरक्षणाच्या वेळीच लिहून द्यावे आणि रविवार टाळावा, कारण प्रार्थना सुरू असताना भिंतींपाशी फिरता येत नाही. जवळच १५२०च्या दशकात बांधायला घेतलेला, मेक्सिको जिंकणारा स्पॅनिश सेनानी कोर्तेस याचा राजवाडा आहे आणि त्यात मेक्सिकन चित्रकार दिएगो रिवेराने १९३०मध्ये रंगवलेली स्पॅनिश आक्रमणाची चित्रे आहेत. सप्टेंबर २०१७च्या भूकंपात तडे गेलेली ही वास्तू २०२३मध्ये पुन्हा खुली झाली. मेक्सिकोतील बहुतेक संग्रहालयांप्रमाणे तेथील संग्रहालयही सोमवारी बंद असते.

प्रश्न : आमचा हुपरीत चांदीचा धंदा आहे. तास्कोच्या चांदीत वेगळे काय आणि खरेदी करताना काय पाहावे? (एक वाचक, हुपरी)

उत्तर : आपल्याला टंच आणि घडणावळ समजावून सांगण्याचे धाडस आम्ही करणार नाही, तेथील खुणा तेवढ्या सांगतो. ‘९२५’ हा शिक्का म्हणजे ९२.५ टक्के चांदी, बाकी मुख्यत्वे तांबे. १९७९नंतरच्या मालावर त्याबरोबर अक्षरे व अंक असलेली कारागिराची नोंदणीखूण असते आणि तिचे पहिले अक्षर ‘टी’ असेल, तर नोंदणी तास्कोची. ‘अल्पाका’ म्हणून विकला जाणारा माल म्हणजे आपले जर्मन सिल्व्हर. त्यात चांदीचा अंशही नसतो. शनिवारी भरणाऱ्या चांदीच्या बाजारात दागिने वजनावर मिळतात आणि सहल-आयोजक नेतो त्या दुकानांपेक्षा भाव बरा पडतो, तेव्हा शक्य असल्यास शनिवारच गाठावा.

मात्र तास्कोत आपण खरोखर पाहावे ते दुकान नव्हे. गावात खाणी सोळाव्या शतकापासून असल्या, तरी खरी श्रीमंती आली ती अठराव्या शतकात होसे दे ला बोर्दा याला चांदीची समृद्ध शीर सापडल्यावर. त्याने १७५१ ते १७५८ या काळात स्वतःच्या पैशाने सांता प्रिस्का हे गुलाबी दगडाचे चर्च बांधले आणि आतल्या वेदींमागचे लाकडी नक्षीकामाचे उंच देव्हारे सोन्याच्या वर्खाने मढवले. चांदीच्या गावच्या देवळात डोळ्यांत भरते ते सोनेच. पुढे खाणी मंदावल्या. आज दिसतो तो कारागिरीचा धंदा विल्यम स्प्रॅटलिंग या अमेरिकन वास्तुकलेच्या प्राध्यापकाने उभा केला. १९२९मध्ये तो येथे राहायला आला, १९३१मध्ये शेजारच्या इग्वालाहून सोनार आणून त्याने कार्यशाळा काढली आणि स्पॅनिशपूर्व शिल्पांतील आकार दागिन्यांत उतरवले. त्याच्या हाताखाली शिकलेल्या पोरांनी पुढे आपापली दुकाने थाटली. घरोघर चालणाऱ्या हुपरीच्या धंद्याच्या तुलनेत एका परक्या माणसाने घडवलेली ही परंपरा कशी टिकली, हे आपणच तेथे जाऊन चांगले ओळखाल.

चढ फार वाटला, तर पांढऱ्या फोक्सवॅगन बीटल टॅक्सीला हात करावा. या गाडीचे उत्पादन २००३मध्येच थांबले, पण तास्कोच्या गल्ल्यांत दुसरी गाडी इतक्या सहज वळत नाही.

प्रश्न : हा भाग सुरक्षित आहे का? (एक वाचक, पुणे)

उत्तर : तास्को आणि गुहा गेरेरो राज्यात येतात आणि अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने हे राज्य गेली कित्येक वर्षे सर्वांत कडक इशाऱ्याच्या श्रेणीत ठेवले आहे. जानेवारी २०२४मध्ये गुन्हेगारी टोळ्यांच्या हिंसेमुळे खुद्द तास्कोतील टॅक्सी-वाहतूक काही दिवस बंद पडली होती. तरीही पर्यटक जातात. परंतु स्वतः गाडी चालवत जाऊ नये, टोलच्या महामार्गानेच प्रवास व्हावा, अंधारापूर्वी परतीला लागावे आणि निघण्याच्या आठवड्यातील स्थिती पाहून मगच पैसे भरावेत. प्रवास विमा अशा श्रेणीतील राज्यात लागू असतो का, हेही पॉलिसीत वाचून घ्यावे. मन धजावत नसेल, तर केवळ कुएर्नावाकाची सहल करावी. ते मोरेलोस या निराळ्या राज्यात आहे.

प्रश्न : आम्ही शुद्ध शाकाहारी आहोत. वाटेत काय मिळेल? (एक वाचक, सांगली)

उत्तर : मक्याची टॉर्टिया, भोपळ्याची फुले किंवा नोपाल हे निवडुंग घातलेला चीजचा केसादिया, ग्वाकामोले आणि फळे सर्वत्र मिळतात. घोटलेल्या राजम्यात व तमालात (मक्याच्या पिठाचा वाफवलेला पदार्थ) डुकराची चरबी आणि भातात कोंबडीचे पाणी असणे मात्र नेहमीचे आहे, म्हणून ‘सिन कार्ने’ (मांस नको) एवढ्यावर न थांबता ‘सिन मान्तेका’ (चरबी नको) आणि ‘सिन काल्दो दे पोयो’ (कोंबडीचे पाणी नको) असेही सांगावे. तास्कोत आणखी एक दक्षता हवी: तेथे हुमिल नावाचे रानकिडे चवीने खातात आणि ते टोमॅटो-मिरचीबरोबर वाटून केलेली चटणी रंगावरून ओळखू येत नाही. टेबलावरच्या वाटीला हात लावण्यापूर्वी ‘तिएने हुमिलेस?’ एवढे विचारावे.