आजी मातीच्या बैलांना पुरणपोळीचा नैवेद्य का दाखवते?

चि. सई,

हॉवेल फार्महून परत येताना तू गाडीत विचारलंस, "बाबा, इथे खरे बैल आहेत, पण त्यांची कोणी पूजा करत नाही. आजीच्या गोठ्यात एकही बैल नाही, तरी ती पोळ्याला मातीच्या बैलांची पूजा करते. हे उलटं नाही का?" एक्झिट शोधता शोधता उरकण्यासारखा हा प्रश्न नाही, म्हणून लिहून देतोय. अडेल तिथे आईला विचार.

आधी त्या फार्मचं सांगतो. न्यू जर्सीतलं ते शेत हॉवेल कुटुंबाचं. चार्ल्स हॉवेल अमेरिकेच्या काँग्रेसचे सदस्य होते. ते गेल्यावर त्यांच्या बायकोने, आयनेझबाईंनी, १९७४ मध्ये ते शेत त्यांच्या आठवणीसाठी मर्सर काउंटीला देऊन टाकलं. मुलांनी जुनी शेती नुसती बघू नये, स्वतःच्या हाताने करून पाहावी, गाईची धार काढावी, अंडी वेचावी, लोकर पिंजावी, ही त्यांची इच्छा. म्हणून तिथे अजून १९०० सालच्या आसपासच्या पद्धतीने पेरतात आणि कापतात. हिवाळ्यात तळं नीट गोठलं तर बर्फसुद्धा करवतीने कापून साठवतात.

तिथले बैल 'जी' म्हटलं की उजवीकडे वळतात, 'हॉ' म्हटलं की डावीकडे. नाकात वेसण नाही, हातात कासरा नाही. त्यांना वशिंडही नाही, म्हणून त्यांच्या गळ्याखालून वाकवलेल्या लाकडाची कमान घालून जू बसवतात. आपल्या बैलांचं जू सरळ असतं, मानेच्या दोन्ही बाजूंना शिवळा, म्हणजे उभ्या काठ्या, आणि सगळा भार वशिंडाच्या पुढ्यात, मानेवर. वखर, डवरा (कोळपं), बंडी (बैलगाडी), काहीही ओढायचं तर त्याच जागेवर. तिथली कातडी जाड होते, कधी सुजते, कधी सोलवटते. मी लहानपणी तिथे हात लावून पाहिलाय, चपलेच्या तळव्यासारखी लागायची.

म्हणून पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदशेकणी. त्या मानेला हळद आणि तूप (महागाईमुळे पुढे तेल) चोळून शेकायचं आणि बैलाला सांगायचं, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या." दुसऱ्या दिवशी, म्हणजे श्रावणी अमावास्येला, जू मानेवर ठेवायचंच नाही. अंघोळ, शिंगांना रंग आणि बेगड, अंगावर झूल, नवी वेसण. संध्याकाळी गावातल्या जोड्या तोरणाखाली उभ्या राहतात, लोक झडत्या, म्हणजे पोळ्याची गाणी, म्हणतात, तोरण तुटलं की पोळा फुटतो. मग बैल घरोघर जातात, त्यांना ओवाळतात, पुरणपोळी भरवतात. बैल आणणाऱ्याला बोजारा, म्हणजे पैसे, मिळतो आणि बैलांची निगा राखणाऱ्या गड्याला नवे कपडे. हा शेवटचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. ज्यांच्या कष्टावर वर्ष निघालं त्यांचं देणं त्या दिवशी मान्य करायचं, जनावर असो की माणूस.

आता मातीचे बैल. आजोबांनी जोडी विकली त्याला कारण होतं. भावांत वाटण्या झाल्या, वाट्याला थोडी जमीन आली. बैलांना ढेप आणि कडबा बाराही महिने लागतो, काम मात्र पेरणी-डवरणीपुरतं. त्यापेक्षा तासावर ट्रॅक्टर सांगणं परवडतं. पण आजीने ही पूजा काही मनाने शोधून काढलेली नाही. ज्यांच्या दावणीला बैल नाही त्यांनी मातीचे बैल पुजायचे, ही रीत ट्रॅक्टरच्या कितीतरी आधीची. शेत नसलेली माणसंही ती पाळत आलीत, कारण ज्वारी सगळ्यांच्याच ताटात येते.

तुझं एक मात्र खरं. वर्षभर पराणी (टोकदार काठी) टोचायची आणि एक दिवस पुरणपोळी घालायची, असे लोकही मी पाहिलेत. त्यांच्या झुलीपेक्षा हॉवेल फार्मवरचं नीट मापाचं जू बैलाला जास्त सुखाचं.

आणि त्या फार्मचा मला थोडा हेवा वाटला, हेही सांगून टाकतो. कोल्हापूरजवळ कणेरी मठात जुन्या गावाचं मोठं म्युझियम आहे. शेतकरी, बैल, बलुतेदार सगळे आहेत, पण ते पुतळे. आजी तिफणीमागे (पेरणीच्या अवजारामागे) चालत चाड्यावर, म्हणजे बी सोडायच्या वाटीवर, मूठ धरायची. मूठ सैल पडली की बी दाट पडतं, आवळली की तास, म्हणजे पेरणीची ओळ, मोकळा राहतो. ही गोष्ट पुतळ्याकडून शिकता येत नाही. आजीला अजून येते, तेव्हा पुढच्या खेपेला मोबाईल बाजूला ठेवून तिच्याकडून शिकून घे.

यंदा पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपण तान्हा पोळा करू. हा खास तुम्हा मुलांचा, चाकांचे लाकडी बैल सजवून फिरवायचा. दुसऱ्या रघूजी भोसल्यांनी १८०६ मध्ये नागपुरात तो सुरू केला असं सांगतात. बैल मी करतो, रंगवायचा तू.

हॉवेल फार्मच्या बैलांना पुरणपोळी न्यायचा तुझा बेत मात्र रद्द. गोड आणि पिठूळ एकदम जास्त खाल्लं की गुरांचं पोट फुगतं, पोळ्यानंतर गावाकडच्या जनावरांच्या डॉक्टरांना हेच काम असतं. फार विचारलंस तर तिथल्या माणसांना विचारू, मूठभर गवत चालेल का म्हणून.

तुझा,
बाबा