पापणीवर पाण्याच्या थेंबासारखी पुळी आहे, दुखत नाही, चार महिने जात नाही. रांजणवाडीच ना?

मला नाही वाटत. माझ्या उजव्या पापणीच्या कडेला अगदी अशीच होती, मसुराएवढी, निळसर. आमच्या खानापुरात सगळ्यांचं निदान एकच, रांजणवाडी. सासूबाईंनी लवंग उगाळून लावली. डोळा दिवसभर चुरचुरला, पुळी होती तिथंच.

रांजणवाडी ठणकते, लाल होते, आठ-दहा दिवसांत फुटते नाहीतर बसते. ही तसलं काहीच करत नव्हती. शेवटी बेळगावला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी बारीक बॅटरीचा उजेड टाकला तर अख्खी पुळी कंदिलासारखी उजळली. "बेवरिन गुळ्ळे," ते हसून कानडीत म्हणाले. घामाचा फोड! वैद्यकीय नाव हायड्रोसिस्टोमा. पापणीच्या केसांच्या मुळाशी मोल नावाच्या घामाच्या ग्रंथी असतात, त्यांतली एखादी तुंबली की आत पाणी साठतं. हा कॅन्सर नाही, कुणाला लागतही नाही.

सुईनं फोडू नका. मी फोडली होती (डॉक्टरांना हे सांगताना मान खाली). पाणी आलं, पापणी सपाट झाली आणि तीन आठवड्यांत पुळी परत हजर. आतली पिशवी राहते ना! नंतर भुलीचं इंजेक्शन देऊन पिशवीसकट काढली, तपासायलाही पाठवली. त्रास नसेल तर तशीच ठेवली तरी चालते म्हणे, मला ती सारखी नजरेच्या आड यायची म्हणून काढली. मात्र तिथले केस झडायला लागले, रक्त आलं, खपली धरून जखम भरेना किंवा ती भराभर वाढली, तर थांबू नका. पापणीवरचा त्वचेचा कॅन्सरही सुरुवातीला साध्या पुळीसारखाच दिसू शकतो.

या घामाच्या पुळीचीच एक बहीण आहे, ती डोळ्यांभोवती बारीक-बारीक पुष्कळ येते आणि उष्म्यानं फुगते. 1893 साली रॉबिन्सन नावाच्या डॉक्टरांनी ती पहिल्यांदा नोंदवली, तीही उष्ण, दमट जागी राबणाऱ्या बायकांत. माझ्या जाऊबाई कुंद्याच्या (खव्याच्या मिठाईच्या) भट्टीवर असतात, त्यांना हीच. एप्रिल-मेमध्ये डोळ्यांखाली मोहरी पेरल्यासारखं दिसतं, डिसेंबरच्या थंडीत जवळजवळ नाहीसं. काढून घ्या म्हटलं तर म्हणतात, "एवढ्या पुळ्यांना किती टोचून घेऊ गं?" उन्हाळ्यात तेवढं खवा आटवायला पुतण्याला बसवतात.